कोंबडा आरवला का?

मराठीत अद्भुताची नवी जगं रचणाऱ्या लेखक-लेखिकांना अनावृत पत्र

प्रिय मित्रमैत्रिणींनो,

सप्रेम नमस्कार.

मे महिन्याच्या सुट्टीत माझी भाची आमच्याकडे राहायला आली होती. वय वर्षं नऊ. रात्री गच्चीवर गाद्या घातल्या की तिला गोष्ट लागते. त्या रात्री मी तुमच्यापैकीच एकाची कथा तिला मोबाइलवरून वाचून दाखवत होते. कथा चांगली होती. डोंगरापलीकडचं राज्य, आटलेली नदी, घराण्याचा शाप अंगावर घेऊन जगणारी एक मुलगी. मग एका मध्यरात्री आभाळात हिरवा, जांभळा, सोनेरी असा जादूचा उजेड पेटतो, गाव उजळून निघतं आणि मुलीला तिची शक्ती सापडते. पुढच्या परिच्छेदात ती घोड्यावर बसून निघालेलीही असते.

भाचीने माझा हात धरला. "आत्या, मग कोंबडा आरवला का?"

"कुठला कोंबडा?"

"गावात असेलच ना एखादा. एवढा उजेड पडला तर त्याला वाटणार, सकाळ झाली."

मी दोन पानं मागे जाऊन पाहिलं. गावात कोंबडा नव्हता. कुत्रं नव्हतं, गोठ्यातली गाय नव्हती, उठून दाराशी आलेली म्हातारी नव्हती. आभाळ पेटलं होतं आणि खाली कुणाची झोपसुद्धा मोडली नव्हती. पोरीचा प्रश्न माझ्या डोक्यातून जाईना, म्हणून हे पत्र.

मी लेखिका नाही. बरीच वर्षं झाली, जुन्नरच्या बाजूच्या डोंगरात शाळेच्या मुलांना आकाशदर्शनाला घेऊन जाते. पाठ टेकून आभाळ बघण्यात माझ्या आयुष्यातल्या पुष्कळ रात्री गेल्या आहेत. तुमचं लिखाण मी मनापासून वाचते. आपल्या भाषेत अशी जगं आता कुठे उभी राहू लागली आहेत आणि ती टिकावीत असं मला फार वाटतं. मागणं एकच आहे. तुमच्या आभाळात उजेड पेटला की खालच्या माणसांचं, जनावरांचं, कामांचं काय होतं ते लिहा. आत्ता तो उजेड लग्नाच्या मांडवातल्या रोषणाईसारखा लागतो आणि विझतो. उजेड गेल्यावर मांडवाखालचं काहीच बदललेलं नसतं.

मी हे हट्टाने म्हणते, कारण आपल्या या साध्या जगाच्या आभाळातही असे उजेड पेटले आहेत आणि त्यांनी माणसांना अंथरुणातून उठवून पळायला लावलं आहे. रोमचा सम्राट टायबेरियस याच्या काळात एका रात्री आकाश लाल झालं. ऑस्टिया हे रोमचं बंदर पेटलं असं समजून सैन्याच्या तुकड्या आग विझवायला धावल्या. सेनेका या रोमन तत्त्वज्ञाने हे लिहून ठेवलं आहे. तो म्हणतो की रात्रीचा बराच वेळ ती धुरकट, मंद आग दिसत होती. आग नव्हतीच, तो ध्रुवीय प्रकाश होता, म्हणजे एरवी ध्रुवांकडच्या आभाळात रात्री पेटणारा रंगीत उजेड. 1859 च्या सप्टेंबरमध्ये अमेरिकेतल्या रॉकी पर्वतात सोनं शोधणारे खाणकामगार मध्यरात्री उठले आणि उजाडलं असं समजून न्याहारीच्या तयारीला लागले. आपल्या भाषेत सांगायचं तर भलत्याच वेळी तांबडं फुटलं. कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही, असं आपण म्हणतो. पण तांबडं खोटं असेल आणि कोंबडं खरं, तर त्या गावाचं काय होईल? इथूनच कादंबरी सुरू होऊ शकते.

हे सगळं दूरच्या थंड देशांतलं, असं मनात आलं असेल तर मुंबईचं ऐका. 4 फेब्रुवारी 1872, रविवार. त्या रात्री मुंबईतून ध्रुवीय प्रकाश दिसला. तेव्हाच्या वर्तमानपत्रात त्याची बातमी आहे. सूर्य मावळल्यावर तो हलकासा दिसू लागला, रंग बदलत राहिला, पहाटे तीनच्या सुमारास गडद जांभळा झाला आणि सोमवारी सूर्य उगवेपर्यंत दिसत होता. असा उजेड पेटतो तो चुंबकीय वादळात, म्हणजे सूर्याकडून आलेल्या झोताने पृथ्वीचं चुंबकत्व ढवळून निघतं तेव्हा. मुंबईहून अरबस्तानातल्या एडन बंदराला संदेश नेणारी समुद्राखालची तारही त्या वादळात काही तास बिघडली होती. पहाटे तीन वाजता मुंबईत कोण कोण जागं असेल, हे मी कितीदा मनात मोजलं आहे. मासेमारीला निघालेला कोळी. गोठ्यात धार काढायला उठलेला गवळी. बाळंतिणीजवळ बसलेली सुईण. काकडआरतीसाठी देवळाचं दार उघडणारा पुजारी. यांच्यापैकी प्रत्येकाने वर पाहिलं असेल आणि प्रत्येकाला वेगळंच काही वाटलं असेल. कोळ्याने होडी ढकलली की परत ओढली? सुईणीने बाहेर येऊन पाहिलेलं आत बाळंतिणीला सांगितलं, की तोंड मिटून ठेवलं? तुम्हाला राजे आणि शाप हवेच असतील तर आणा, पण आधी या चौघांना आणा.

तेरा वर्षं आधीची, 1859 ची मुंबईची हकिगत तर माझ्या दृष्टीने याहून विलक्षण आहे. खाणकामगारांना फसवणारं तेच चुंबकीय वादळ 2 सप्टेंबरला मुंबईवरूनही गेलं. इथे तेव्हा दिवस होता. भाद्रपदातली सकाळ, अकराचा सुमार. आभाळात कुणाला काही दिसणं शक्यच नव्हतं. पण कुलाब्याच्या वेधशाळेत पृथ्वीचं चुंबकत्व मोजणारं यंत्र होतं आणि त्याची नोंद एकदम घसरली, सुमारे 1600 नॅनोटेस्लाने (नॅनोटेस्ला हे चुंबकत्व मोजायचं माप). त्या दिवसाच्या कुलाब्याच्या नोंदींवर आजही जगभरचे अभ्यासक काम करतात. बाहेर रोजच्यासारखा बाजार भरलेला, वर लख्ख दिवस आणि एका खोलीत यंत्र वेड्यासारखं वागतंय. जादूचा उजेड रात्रीच यायला हवा असं आपण धरून चालतो. तो भर दिवसा आला आणि कुणाला दिसलाच नाही, फक्त एका माणसाच्या हातातल्या वस्तूला कळला, तर?

तीच वेधशाळा पुढे 1904 साली अलिबागला हलली. मुंबईत विजेवरच्या ट्राम येणार होत्या आणि विजेच्या त्या खेळात नाजूक मोजमाप बिघडलं असतं. अलिबागची इमारत पोरबंदरच्या दगडात बांधली, कारण त्या दगडाला चुंबकाची ओढ नाही. लोखंडाचा एक खिळाही चालणार नव्हता. तुमच्या गोष्टीतल्या मांत्रिकाच्या मनोऱ्यालाही असे नियम असतील का? आत येणाऱ्याने कमरेची विळी, पायातले नाल ठोकलेले जोडे, गळ्यातली लोखंडी किल्ली बाहेर काढून ठेवायची. एवढा एक उंबरठा नीट लिहिलात, तर आतल्या जादूवर वाचकाचा विश्वास आपोआप बसेल.

आता उजेडाच्या रंगाबद्दल, कारण तिथे मला सगळ्यात जास्त खटकतं. तुमच्या आभाळात सगळे रंग एकदम येतात, एकाच वेगाने नाचतात आणि सगळ्यांना सारखे दिसतात. खऱ्या ध्रुवीय प्रकाशात रंगाला उंची असते आणि चालही असते. सूर्याकडून आलेल्या विद्युत्भारित कणांच्या झोताने पृथ्वीचं चुंबकीय आवरण हलतं, त्यातले कण वरच्या हवेवर आदळतात आणि ती हवा उजळते. साधारण शंभर ते दीडशे किलोमीटरवर ऑक्सिजन हिरवा उजळतो. दोनशे किलोमीटरच्या वर, जिथे हवा फारच विरळ आहे, तिथे तोच ऑक्सिजन लाल उजळतो. हिरवा उजेड बाहेर पडायला अणूला सेकंदाहूनही कमी वेळ लागतो, लाल पडायला जवळजवळ दोन मिनिटं. म्हणून हिरवा सळसळतो, झुलतो, पळतो. लाल उजेड मात्र नुसता पसरतो, अंगणात सुकत पडलेल्या कुंकवासारखा. खालच्या दाट हवेत लाल टिकत नाही, कारण अणू उजळायच्या आधीच दुसऱ्यावर आदळून त्याची शक्ती संपते.

यातून गोष्टीसाठी केवढं मिळतं पाहा. उजेडाच्या अगदी खाली राहणाऱ्याला डोक्यावरून हिरव्या झोताच्या झालरी जाताना दिसतील. दीड-दोन हजार किलोमीटर दूरच्या धनगराला क्षितिजाशी फक्त लाल झाक दिसेल, कारण उंचावरचाच भाग त्याच्यापर्यंत पोचतो. एकाच रात्री एकाच उजेडाबद्दल दोन गावांत दोन कहाण्या होतील आणि दोन्ही खऱ्या असतील. एका गावात तो नाचणारा देव, दुसऱ्यात दूर कुठेतरी जळणारं शहर. पुढे या दोन गावांची सोयरीक जुळली की सासू-सुनेचं पहिलं भांडण कशावरून होईल ते मला डोळ्यांसमोर दिसतं.

आपल्या देशातही हे अलीकडेच घडलं. 2024 च्या मे महिन्यात, दहा-अकरा तारखेच्या रात्री, सूर्याचं मोठं वादळ पृथ्वीवर आदळलं आणि लडाखमधल्या हानलेहून आकाशात लाल उजेड टिपला गेला. हानलेला साडेचार हजार मीटर उंचीवर आपली खगोलीय वेधशाळा आहे. आजूबाजूचा मुलूख रात्रीच्या अंधारासाठी राखून ठेवलेला आहे. तिथून दिसला तो लालच, हिरवा नाही, कारण आपण त्या उजेडापासून फार दक्षिणेला आहोत. त्यातही कॅमेऱ्यात जितका ठळक आला तितका डोळ्यांना दिसेलच असं नसतं. मंद उजेडात माणसाच्या डोळ्याला रंग नीट कळत नाहीत. पुष्कळदा ध्रुवीय प्रकाश नुसत्या डोळ्यांना राखाडी-पांढुरक्या ढगासारखाच दिसतो. मग तुमच्या जगात रंग दिसणारी माणसं कोण आणि फक्त राख दिसणारी कोण? त्यावरून जात पडेल का? रंग न दिसणाऱ्या मुलीचं लग्न अडेल का? मला वाटतं, अडेल.

उजेडाला ताकद द्यायची असेल तर तीही कुठून तरी आणि कशातून तरी वाहू द्या. 1859 च्या त्याच वादळात अमेरिकेत बॉस्टन आणि पोर्टलंडच्या तारमास्तरांनी आपल्या बॅटऱ्या काढून टाकल्या आणि आभाळाने तारेत भरलेल्या विजेवर एकमेकांना संदेश पाठवले. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा अंगावर काटा आला होता. आभाळातल्या उजेडावर माणसं एकमेकांशी बोलली! पण त्यासाठी तार आधीपासून टाकलेली होती, खांब पुरलेले होते, दोन टोकांना दोन माणसं बसलेली होती. तुमच्या नायिकेला शक्ती मिळते तेव्हा तिची तार कोणी पुरलेली होती, ते मला वाचायचं आहे. आजीने पुरली असेल. कदाचित आजीला त्याची शिक्षाही झाली असेल.

आणि उजेड येणं जितकं मोठं, तितकंच त्याचं न येणं. सूर्याच्या या वादळांचं चक्र साधारण अकरा वर्षांचं असतं. दर अकरा वर्षांनी सूर्यावरचे काळे डाग वाढतात, वादळं वाढतात, मग उतरतात. पण 1645 ते 1715 या सत्तर वर्षांत सूर्यावर डाग फारच थोडे होते आणि ध्रुवीय प्रकाशही युरोपात क्वचितच दिसला. एडमंड हॅली, ज्याच्या नावाने धूमकेतू ओळखला जातो तो, आयुष्यभर आकाश बघत राहिला आणि हा प्रकाश त्याला कधी दिसलाच नाही. मग 1716 च्या मार्चमध्ये एका रात्री लंडनच्या आभाळात तो परत आला. हॅली तेव्हा 59 वर्षांचा होता. त्याने त्यावर निबंध लिहिला आणि याचं नातं पृथ्वीच्या चुंबकत्वाशी असावं असंही सुचवलं. मी त्या सत्तर वर्षांचा विचार करते. ज्यांनी लहानपणी तो उजेड पाहिला होता ती माणसं म्हातारी होत गेली. नातवंडांना सांगत राहिली आणि नातवंडं हळूहळू विश्वास ठेवेनाशी झाली. सांगणारं शेवटचं माणूस गेलं, आणि मग एका रात्री तो आला. तेव्हा कुणाच्या तोंडून कुणाचं नाव निघालं असेल? पणजीचं? मेलेल्या माणसाची माफी कशी मागतात, हे तुमच्या जगातल्या लोकांना ठाऊक आहे का?

याच्यावर एक संपूर्ण गोष्ट मला तुमच्याकडून हवी आहे. उजेड नसलेली सत्तर वर्षं, आणि शेवटच्या पानावर उजेड.

नावांबद्दलही बोलायलाच हवं. तुमच्या गावातली माणसं आभाळाकडे बोट दाखवून "दिव्य तेजोवलय" म्हणतात, नाहीतर सरळ "ऑरोरा". पिढ्यान्‌पिढ्या त्या उजेडाखाली पेरणी करणारी माणसं असं बोलणार नाहीत. फिनलंडमध्ये त्याला कोल्ह्याची आग म्हणतात. बर्फावरून पळताना कोल्ह्याची शेपटी घासते आणि ठिणग्या आभाळात उडतात, अशी तिथली गोष्ट आहे. युरोपच्या अगदी उत्तरेकडच्या सामी लोकांच्या भाषेतल्या नावाचा अर्थ ऐकू येणारा उजेड असा लावतात. तिथली पोरं त्याला पाहून शीळ घालत नाहीत, चिडवत नाहीत, कारण तो खाली येऊन नेतो. स्कॉटलंडच्या उत्तरेला शेटलंड बेटांवर तो म्हणजे आनंदी नर्तक. कॅनडात तर अगदी हल्ली असं घडलं. आकाशात एक अरुंद जांभळी पट्टी दिसायची आणि ती नेमकी काय ते कुणालाच सांगता येईना. रात्री जागून फोटो काढणाऱ्या हौशी मंडळींनी तिला मित्राला हाक मारावी तसं "स्टीव्ह" म्हणायला सुरुवात केली. शास्त्रज्ञांना तेच नाव ठेवावं लागलं. त्यांनी त्याच अक्षरांचा लांबलचक अर्थ नंतर बसवला. नाव आधी रात्री जागणाऱ्याच्या तोंडी बसतं, पोथीत मागाहून जातं.

आपल्याकडे तर शब्दांची कोठारं भरलेली आहेत. धूमकेतूला आपल्या आज्या शेंडेनक्षत्र म्हणायच्या. चंद्राभोवती कडं दिसलं की खळं पडलं. पौर्णिमेचं चांदणं कधी टिपूर असतं, कधी पिठूर, म्हणजे जात्याभोवती सांडलेल्या पिठासारखं. विदर्भातल्या गोंडांच्या गोष्टीत सप्तर्षींचे चार तारे म्हणजे म्हातारीची बाज आणि मागचे तीन म्हणजे ती चोरायला आलेले चोर. अंधाऱ्या रात्री मुलांना ही बाज एकदा दाखवली की पुढे ती त्यांना विसरता येत नाही. शाळेच्या पुस्तकातले ऋषी ती विसरतात, बाज आणि चोर विसरत नाहीत. तुमच्या उजेडालाही असंच घरातलं नाव द्या. गोंधळ्याच्या हातात दिवटी असते आणि तिला तेल पाजणारी बुधली असते. तुमच्या गावात उत्तरेला उजेड दिसला की एखादी बाई ओट्यावरून ओरडेल, "दिवटी निघाली गं, शेळ्या आत घ्या!" एवढ्या एका वाक्यात त्या जगाचा देव, भीती, जनावरं, सांजवेळ सगळं आलं. आणि मग गावातलं कुणीतरी विचारेलच, दिवटी आहे तर बुधली कुठाय? हिला तेल कोण पाजतंय? तुमच्या कादंबरीचा दुसरा भाग तिथेच आहे.

खोट्या पहाटेबद्दल सांगते. फेब्रुवारी-मार्चमध्ये अंधार पूर्ण पडल्यावर पश्चिमेला क्षितिजापासून वर चढणारी एक फिकट तिरकी ज्योत दिसते. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये तीच पहाटेच्या आधी पूर्वेला दिसते. ग्रहांच्या मधल्या धुळीवर सूर्याचा उजेड पडून ती दिसते. आपण तिला राशिप्रकाश म्हणतो. इस्लामी परंपरेत तिला खोटी पहाट म्हणून वेगळं ओळखतात, कारण रोजा कधी सुरू होणार हे खऱ्या पहाटेवर ठरतं. शेवटचा घास घ्यायचा की थांबायचं, हे आभाळातला उजेड खोटा की खरा यावर! उजेड माणसाच्या ताटापर्यंत येतो तो असा.

मी राशिप्रकाश पहिल्यांदा पाहिला तो नाणेघाटाच्या अलीकडच्या एका पठारावर. फेब्रुवारीतली अवस होती. सोबत आम्हाला ताक आणून देणाऱ्या घरचा एक पोरगा होता, दहा-बारा वर्षांचा, अंगावर वडलांची कांबळी घेऊन बसलेला. मी त्याला पश्चिमेची ज्योत दाखवली. तो म्हणाला, "ते रोजचंच आहे." मग त्याने मान वळवून दक्षिणेकडे बोट केलं. तिथे क्षितिजावर पिवळट लाल उजेड साचला होता. "पण ते काय असतं? तिकडं रोज जत्रा असती का?" तो पुण्याचा उजेड होता. मी त्याला तसं सांगितलं. तो बराच वेळ बघत राहिला. मग म्हणाला, "मग त्यांना झोप कशी लागती?"

नंतर माझ्या लक्षात आलं की त्याचा प्रश्न आणि माझ्या भाचीचा प्रश्न एकच होता.

तुमच्यापैकी पुष्कळ जण शहरात राहता, मीही शहरातच राहते. खरा काळोख पाहिल्याला तुम्हाला किती वर्षं झाली असतील? काळोख माहीत नसेल तर आभाळातला उजेड लिहिताना हात अडखळणारच, यात तुमचा दोष नाही. पण आता जागा आहेत. नागपूरजवळच्या पेंच व्याघ्र प्रकल्पाला 2024 च्या जानेवारीत अंधाऱ्या आकाशाचं उद्यान म्हणून मान्यता मिळाली, भारतात पहिल्यांदाच. त्यासाठी आसपासच्या गावांमधले रस्त्यावरचे दिवे बदलले आणि खाली तोंड केलेले बसवले. एवढं लांब जाता आलं नाही तरी सह्याद्रीत पुष्कळ पठारं अजून काळी आहेत. अवसेच्या आसपास जा. मोबाइल पिशवीत तळाशी ठेवा. डोळे सरावायला अर्धा तास लागतो. त्या अर्ध्या तासात आधी काहीच दिसत नाही. मग हळूच स्वतःचा हात दिसू लागतो, चांदण्यांच्या उजेडात, चंद्र नसताना. मुलांना हे दाखवताना मी मुद्दाम गप्प राहते. कुणीतरी एक जण पटकन म्हणतं, "अरे, माझा हात दिसतोय." माझ्या मते ही खरी जादू आहे, आणि तुमच्या एकाही गोष्टीत ती मी अजून वाचलेली नाही.

तुमच्या नायिकेला त्या रात्री आधी तिचा हात दिसू दे. मग आभाळ पेटू दे.

भाचीची गोष्ट अर्धी ठेवली होती, ती सांगून थांबते. सुट्टी संपायच्या आदल्या रात्री तिने तुमच्या कथेचं पुढचं स्वतःच रचलं. तिच्या गोष्टीत कोंबडा आरवतो. पहिल्या रात्री गाव उठतं, बाया सडा घालतात, माणसं बैल सोडतात, मग कळतं की मध्यरात्र आहे. दुसऱ्या रात्री तो आरवतो तेव्हा लोक त्याला शिव्या देतात. तिसऱ्या रात्री त्याच्यावर टोपली घालतात. चौथ्या दिवशी खरी सकाळ होते आणि कोंबडा गप्प बसतो. आता तो आरवतच नाही. सकाळ झाल्याचं गावाला कळेनासं होतं. शेवटी ती शाप वाहणारी मुलगी रोज अंधारात टेकडीवर जाऊन बसते आणि खरं तांबडं कुठलं ते ओळखायला शिकते.

"मग तिला शक्ती कधी मिळते?" मी विचारलं.

"तीच तर आहे," ती म्हणाली, आणि कूस बदलून झोपली.

तुमची एक वाचक